दप्तरी नोंद आढळून येत नाही

सोमवारी मी ग्रामपंचायतीचं कुलूप काढायला गेलो तेव्हा गजराबाई पायरीवर बसलेली होती. ही तिची सहावी खेप. मला पाहून ती उठली आणि बाजूला झाली. मी आत गेलो, खिडकी उघडली, टेबलावरची धूळ फडक्यानं झटकली. तीही मागोमाग आली आणि दाराच्या आत एकच पाऊल टाकून उभी राहिली. काय बोलायचं ते आता दोघांनाही पाठ झालं होतं.

"भाऊसाहेब, दाखला."

"सरपंचांशी बोलून सांगतो."

"मागल्या सोमवारी बी तेच म्हणला होता."

"ते भेटले नाहीत."

ते रोज भेटत होते. सकाळचा चहा आम्ही बरोबरच घेत होतो. हे तिलाही माहीत होतं, कारण चहाचं दुकान तिच्या वस्तीवरून येताना वाटेतच लागायचं.

मी हिवरदऱ्याचा ग्रामसेवक होतो. ग्रामसेवकाला गावात भाऊसाहेब म्हणतात. आडनाव कुलथे आहे हे निम्म्या गावाला ठाऊक नसेल. नोकरीतली माझी पहिली नेमणूक याच गावी झाली होती, तेव्हा मी तेवीस वर्षांचा होतो. तीन वर्षांनी बदली झाली, मग पाच गावं फिरून पुन्हा इथंच आलो. तोवर केस पांढरे व्हायला लागले होते आणि 'सांगतो', 'बघतो', 'पुढच्या आठवड्यात या' हे शब्द विचार न करताही तोंडातून निघायला लागले होते.

गजराबाई घिसाड्याची. गावाच्या पश्चिमेला ओढ्याकाठच्या गायरानात घिसाड्यांची सहा घरं होती. आधी पालं होती, मग कुडाच्या भिंती आल्या, मग वर पत्रे पडले. गावातली खुरपी, विळे, कुऱ्हाडी त्याच सहा घरांतून यायच्या. गजराबाईचा नवरा हिराजी तापलेलं लोखंड सांडशीत धरायचा आणि ती समोर उभी राहून घण मारायची. आदल्या वर्षी हिराजी विळ्या-खुरप्यांचं ओझं घेऊन दुसऱ्या जिल्ह्यातल्या एका यात्रेला गेला, तिथं त्याला ट्रकनं उडवलं आणि तिथल्याच दवाखान्यात तो वारला. त्या दिवसापासून तिची भट्टी बंद होती. हे काम एकट्या माणसाचं नाही. एकानं धरायचं असतं, दुसऱ्यानं मारायचं असतं. घरात दुसरं कोणी होतं ते म्हणजे डोळ्यांनी न दिसणारी सासू. लेक लग्न होऊन लांब गेलेली. म्हणून तिला निराधारचा पगार हवा होता, आणि त्या अर्जाला गावच्या रहिवासाचा दाखला लागत होता.

दाखला म्हणजे काय, छापील कागद. नाव भरायचं, वर्षं भरायची, शिक्का मारायचा, सही करायची. पाच मिनिटांचं काम. पण सरपंच दौलतनाना गवांदे यांचं म्हणणं वेगळं होतं. नाना वाईट माणूस नव्हते. हिराजीचं प्रेत आणायला त्यांनी स्वतःची जीप पाठवली होती. पण ओढ्याकाठचं ते गायरान आता डांबरी रस्त्याला लागलं होतं आणि तिथं गाळे काढायचे असं त्यांच्या मनात फार दिवस होतं. एकीला दाखला दिला की सहाजण मागतील, आणि दाखले हातात पडले की जागा मागतील, हे ते मला चहा पिताना शांतपणे समजावून सांगायचे. शिवाय त्यांच्या हाती एक कागद होता. हिराजीच्या मृत्यूचा दाखला त्या दुसऱ्या जिल्ह्यातून आला होता, आणि पत्त्याच्या रकान्यात तिथल्या कोणीतरी एकच शब्द लिहून ठेवला होता : फिरस्ते.

"सरकारच म्हणतंय फिरस्ते," नाना म्हणायचे. "आपण रहिवासी कसं लिहायचं? उद्या चौकशी लागली तर तुमची नोकरी जाईल भाऊसाहेब, माझं काय जाणार आहे?"

ते माझ्या काळजीनंच बोलतायत असं मी स्वतःला पटवून घेतलं होतं.

त्या सोमवारी गजराबाई नेहमीसारखी परत गेली नाही. दारातच उभी राहिली. मी एक पत्र वाचायला घेतलं, वाचून संपलं, पुन्हा पहिल्यापासून वाचलं. शेवटी ती म्हणाली, "देत नाही तर नाही म्हणून लिहून द्या."

"म्हणजे?"

"तालुक्याला गेली होती. तिथला कारकून म्हणला, तोंडी नाहीला आमी काय करणार. नाहीचा कागद आण."

असा कागद कोणी ग्रामसेवक देत नाही. तोंडी नाही म्हटलं तर ते हवेत विरतं, कागदावर लिहिलं की त्याला जावक क्रमांक पडतो. मी तिला उद्या यायला सांगितलं. ती दुसऱ्या दिवशी आली. तिसऱ्या दिवशीही आली. नाना तेव्हा पुतणीच्या लग्नासाठी चार दिवस बाहेरगावी होते. चौथ्या दिवशी मी कागद पुढे ओढला. मला तिची दया आली असं मी आता म्हणू शकतो, पण ते खरं होणार नाही. मी थकलो होतो. हा कागद घेऊन ती जाईल आणि पायरी मोकळी होईल, एवढंच मला वाटलं.

मी लिहिलं : 'अर्जदार सदर गावी कायम वास्तव्यास असल्याबाबत ग्रामपंचायत दप्तरी नोंद आढळून येत नाही, सबब दाखला देता येत नाही.' खाली सही केली. तिनं तो वाचून दाखवायला सांगितला, मी वाचला.

"शोधली का नोंद?" तिनं विचारलं.

"हो."

दप्तराचं कपाट माझ्या पाठीमागे होतं. त्याची किल्ली कुठं आहे हेही मला त्या क्षणी नीट सांगता आलं नसतं. कागदाची घडी घालून ती गेली आणि पायरी खरंच मोकळी झाली.

पुढचे तीन महिने ती पंचायत समितीत खेटे घालत होती, हे मला तिथल्या शिपायाकडून कळायचं. कधी साहेब दौऱ्यावर, कधी अर्जाला तिकीट नाही, कधी कागद या टेबलावरून त्या टेबलावर गेलेला. मला वाटलं ती दमेल. सगळेच दमतात, मी वर्षानुवर्षं ते पाहिलं होतं. पण एका दुपारी टपालात सुनावणीची नोटीस आली. मला आणि सरपंचांना गटविकास अधिकाऱ्यांसमोर हजर राहायचं होतं.

सुनावणीच्या दिवशी मी नानांच्या जीपमधून गेलो. फाट्यावर गजराबाई एस.टी.ची वाट बघत उभी होती. जीप तिच्यासमोरून गेली. नानांनी थांबवली नाही आणि मीही काही बोललो नाही. साहेबांच्या दालनाबाहेर आम्हाला तासभर बसावं लागलं, तेवढ्यात तीही येऊन पोचली आणि भिंतीला टेकून खाली बसली.

गटविकास अधिकारी होते तडवी साहेब. निवृत्तीला आलेले, हळू बोलणारे, चष्मा कपाळावर सरकवायची सवय असलेले. त्यांनी आधी नानांना बोलू दिलं. नाना व्यवस्थित बोलले. या लोकांबद्दल आपल्या मनात काही नाही, पण आज इथं उद्या तिथं अशी ही जात, खुद्द नवऱ्याच्या दाखल्यावर फिरस्ते लिहिलेलं, ग्रामपंचायतीनं खोटं कसं लिहायचं, असं सगळं. साहेबांनी तो दाखला पाहिला, मान हलवली. मग माझा कागद वाचला आणि गजराबाईला विचारलं, "बाई, यांच्या दप्तरात तुमची नोंद नाही म्हणतात. तुमच्याकडं काही आहे का? लाइटबिल, मतदार यादी, काहीतरी?"

"आमच्याकडं काही नाही साहेब. लाइट कुठली? यादीत नाव घालायला गेलो तर म्हणायचे, दाखला आणा. पण दप्तरात आमचं नाव हाय."

"हे तर नाही म्हणतात."

"हाय. भाऊसाहेबांनीच लिवलंय."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी तिच्याकडे पाहिलं. ती काय बोलते आहे ते मला कळेना.

"माझं पोर गेलं तवा," ती साहेबांना सांगायला लागली. आवाज चढवला नाही, हात हलवले नाहीत. "अकरा दिवसांचं होतं. भाऊसाहेब तवा नवीन होते. पोलीस पाटील म्हणला, पंचायतीत लिहिल्याबिगर इथं मूठमाती द्यायची नाही. म्हणून मी पोराला पदरात घेऊन पंचायतीत गेली. यांनी वही काढली. मला विचारलं, गाव कोणतं लिहू. मी म्हणली, आमाला कुठलं आलं गाव. तर हे म्हणले, बाई, लेकराला ज्या मातीत ठेवणार ते तुझं गाव. आन् तसं लिवलं."

साहेबांनी चष्मा कपाळावरून खाली घेतला.

"आठवतं का, कुलथे?"

मला खरंच आठवत नव्हतं. तसं मी सांगितलं. त्यांनी वर्ष विचारलं. तिला वर्ष सांगता येईना, पण लेक पोटात यायच्या दोन पावसाळे आधी, असं ती म्हणाली, आणि त्यावरून साहेबांनी बोटांवर हिशेब करून एकवीस-बावीस वर्षं धरली. ती माझ्या पहिल्या नेमणुकीची वर्षं होती. पुढच्या गुरुवारी त्या काळची मृत्यू नोंदवही घेऊन या, एवढं सांगून त्यांनी आम्हाला सोडलं.

परतताना नाना म्हणाले, "जुनं दप्तर वाळवीनं खाल्लंय तसं लिहून द्या. पंचनामा करू. दोन पंचांच्या सह्या मी आणून देतो." वाळवी काही खोटी नव्हती. कपाटाचा खालचा कप्पा तिनं निम्मा फस्त केला होता, हे नानांना आणि मला दोघांनाही माहीत होतं. करायचं म्हटलं तर सोपं होतं. मी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. घरासमोर उतरलो तेव्हा ते म्हणाले, "भाऊसाहेब, अजून बारा-तेरा वर्षं नोकरी आहे तुमची. गावोगाव माणसं लागतात ओळखीची."

दुसऱ्या दिवशी दुपारी शिपायाला घरी पाठवून मी कपाट उघडलं. खालच्या कप्प्यातले गठ्ठे हात लावताच भुसा होऊन पडत होते. मधल्या कप्प्यात, लाल फडक्यात बांधलेल्या तिसऱ्या गठ्ठ्यात, ती वही सापडली. कडा कुरतडलेल्या होत्या, आतली पानं शाबूत होती. मी एकेक पान उलटत गेलो आणि दुसऱ्या वर्षाच्या चौदाव्या नोंदीशी थांबलो.

मृताचे नाव : सावळा हिराजी चव्हाण. वय : अकरा दिवस. कारण : ताप. कायमचा पत्ता : मु. हिवरदरा.

अक्षर माझंच होतं. उभं, टपोरं, प्रत्येक वेलांटी जपून काढलेली. आता माझं अक्षर मलाही लागत नाही. आणि ते अक्षर बघता बघता मला आठवत गेलं. हीच खोली, हेच टेबल. समोर एक पोरगेली बाई, तिच्या पदराखाली काहीतरी. मला वाटलं होतं लेकरू झोपलंय. तिनं सांगितल्यावर मी वही काढली; इतक्या लहान लेकराच्या मृत्यूची ती माझ्या नोकरीतली पहिलीच नोंद होती. नावाच्या रकान्याशी मी अडलो. बारसं झालेलं नव्हतं. रकाना कोरा ठेवला तरी चालतं, असं मी तिला सांगितलं होतं. ती थोडा वेळ खाली बघत बसली, मग म्हणाली, "सावळा लिवा." मी लिहिलं. त्यानंतर गावाचं विचारलं असणार.

मी वही उघडी ठेवून बसून राहिलो. मला रडू आलं नाही, काही मोठा निश्चयही केला नाही. फक्त फार थकल्यासारखं झालं. हे एक पान काढून त्या भुशात टाकायला एक क्षण पुरला असता. संध्याकाळ व्हायच्या आत मी वही फडक्यात बांधली आणि कपाटात परत न ठेवता पिशवीत घालून घरी नेली.

गुरुवारी मी एस.टी.नं गेलो. नाना आधीच आले होते, त्यांच्या हातात पंचनाम्याचा कागद होता. मी पिशवीतून वही काढून साहेबांसमोर ठेवली तेव्हा नानांनी तो कागद शांतपणे घडी करून खिशात घातला.

साहेबांनी ती नोंद दोनदा वाचली. शेजारी माझा नकाराचा कागद ठेवला.

"हे अक्षर कोणाचं?"

"माझं, साहेब."

"आणि 'दप्तरी नोंद आढळून येत नाही', हे?"

"तेही माझंच."

"हे लिहिण्यापूर्वी दप्तर पाहिलं होतं का?"

गजराबाई भिंतीशी उभी होती. तिनंही मला हेच विचारलं होतं आणि मी हो म्हटलं होतं.

"नाही," मी म्हटलं.

"मग कोणाच्या सांगण्यावरून लिहिलंत?"

नाना खिडकीबाहेर बघत होते. मी त्यांचं नाव घेतलं नाही. ते मोठेपण नव्हतं. तेवढीच माझी कुवत होती, त्यापलीकडे मी जाऊ शकलो नाही. मीच लिहिलं, असं मी म्हणालो, आणि ते एका अर्थी खरंही होतं.

साहेबांनी तिथंच आदेश सांगितला, कारकुनानं टाइप केला. अर्जदाराचं वास्तव्य ग्रामपंचायतीच्याच अभिलेखावरून सिद्ध होत असल्यानं दाखला दुसऱ्या दिवशी द्यावा. दुसरा परिच्छेद माझ्यासाठी होता : चुकीचा अहवाल दिल्याबद्दल आपणावर कारवाई का करू नये, याचा सात दिवसांत खुलासा करावा. सही करताना साहेब माझ्याकडे न बघता म्हणाले, "कुलथे, तुम्ही तेव्हा बरं लिहीत होता."

नानांची जीप मला न घेता निघून गेली. स्टँडवर आलो तर गजराबाई बाकावर बसलेली होती. गाडीला पाऊण तास अवकाश होता. मी तिच्यापासून जरा अंतरावर बसलो. माफी मागावी असं मनात होतं, पण शब्द जुळेनात. पिशवी माझ्या मांडीवर होती. बऱ्याच वेळानं तीच म्हणाली, "ते कसं लिवलंय, वाचून दावा."

मी फडकं सोडलं, पान काढलं आणि वाचलं.

"नाव हाय ना त्यात?"

"आहे. सावळा हिराजी चव्हाण."

"पुन्हा वाचा."

मी पुन्हा वाचलं. ती समोरच्या रिकाम्या फलाटाकडे बघत ऐकत होती.

"ते नाव कोणी घेतलंच नाही भाऊसाहेब," ती म्हणाली. "ठेवलं आन् मातीत दिलं. यांना म्हाईत होतं, तर हे गेले. सासूला याद राहत नाही. मला वाटायचं, आता मलाच तेवढं ठाऊक. मी बी गेली की संपलं." मग तिनं विचारलं, "याचा बी कागद मिळतो का?"

मिळतो, असं मी सांगितलं.

शुक्रवारी तिला मी दोन कागद दिले. रहिवासी दाखल्यावर 'किती वर्षांपासून' असा रकाना असतो, तिथं मी त्या नोंदीच्या तारखेपासूनची वर्षं भरली. दुसरा सावळाच्या मृत्यूचा दाखला. रहिवासाचा कागद तिनं पिशवीत टाकला. दुसरा कागद ती हातात धरून उभी राहिली. वाचता येत नसताना त्यातल्या कोणत्या ओळीत नाव आहे ते तिनं मला बोट ठेवून दाखवायला लावलं.

दोन महिन्यांत माझी जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला बदली झाली. एक वेतनवाढ रोखली गेली. त्या दाखल्याची मुदत सहा महिने होती आणि तालुक्याची समिती सहा महिन्यांत बसलीच नाही, त्यामुळे गजराबाईला पगार सुरू व्हायला जवळजवळ दीड वर्ष लागलं. तोवर तिला दोनदा नवा दाखला काढावा लागला. साहेबांच्या आदेशाची प्रत ती बरोबर न्यायची, म्हणून तिला कोणी परत पाठवलं नाही. वस्तीतल्या आणखी चार घरांनीही दाखले काढले. गाळ्यांचं पुढे काय झालं ते मी विचारलं नाही.

माझ्या जागी आलेला बेंद्रे नावाचा तरुण ग्रामसेवक एकदा जिल्ह्याच्या बैठकीत भेटला. हिवरदऱ्याचं बोलणं निघालं. तो म्हणाला, "ती घिसाड्याची बाई येते ना, गजराबाई, ती दरवेळी दोन कागद मागते. एक रहिवासाचा, तो ठीक आहे. दुसरा कुठल्या अकरा दिवसांच्या पोराच्या मृत्यूचा. निराधारच्या अर्जाला तो लागत नाही असं मी दोनदा समजावलं. तरी घेते, आणि वर वाचून दाखवा म्हणते. काय करावं तिला?"

"वाचून दाखवत जा," मी म्हटलं.